बिरोबाची चौथी मूठ

म्हस्कूआबाच्या हाताला वास येई. त्याची बायको भागूबाई म्हणे, लग्नाच्या वेळी तो वास मेंढरांचा होता, पुढं पाण्यात टाकायच्या टीसीएल पावडरीचा झाला, आणि मधल्या चाळीस वर्षांत माणसाचा म्हणावा असा वास त्या हाताला एकदाही आला नाही.

सणसरवरून कालव्याच्या कडेकडेनं उसातून चालत गेलं की एक वाडी लागते. त्या वाडीच्या पाण्याच्या टाकीचा आबा हा धनी. कागदावर त्याचं पद जलसुरक्षक. ते उच्चारताना तो छाती एवढी पुढं काढी, की ऐकणाऱ्याला वाटावं हा सीमेवरून सुट्टीवर आला आहे. काम तसं साधं होतं. रोज पहाटे बादलीत पावडर कालवायची, लिंबाच्या काठीनं ढवळायची, गाळ खाली बसू द्यायचा, वरचं पाणी टाकीत ओतायचं, आणि अर्ध्या तासानं वाडीला पाणी सोडायचं. हे त्यानं एकोणीस वर्षं केलं.

मोजमाप मुठीचं. पावडरीसोबत मापाचं एक भांडं आलं होतं, ते त्यानं पहिल्याच वर्षी कोंबड्यांना पाणी ठेवायला घरी नेलं. तीन मुठी वाडीच्या, आणि वर एक मूठ बिरोबाच्या नावाची. मेंढरं होती तेव्हा लोकर कातरली की एक मूठ बिरोबाची निघे, बाजरी मोजली की वरची ओंजळ बिरोबाची असे. मग पावडर मोजताना देवाला का वगळायचं, असा आबाचा हिशोब. बिरोबाला क्लोरीन हवं आहे का, हे मात्र कुणी विचारलं नव्हतं.

पाण्याला वास येई. चहाला येई, भाताला येई. सरपंच चंद्राबाई एकदा म्हणाल्या, "आबा, काल पाव्हणं जेवाय आलं हुतं. भात खाऊन म्हनलं, वयनी, तुमाला सलाईन कवा लावलं?"

"वास येतोय म्हंजी जीव वाचतोय," आबा म्हणाला.

आणि त्याचं खोटं नव्हतं. एकोणीस वर्षांत वाडीत जुलाब-उलटीची साथ आली नव्हती. पाच वर्षं साथ आली नाही की गावाला चंदेरी कार्ड मिळतं. ते वाडीला मिळालं होतं आणि ग्रामपंचायतीच्या भिंतीवर टांगलं होतं. आबा कार्यालयात आला की आधी कार्डाला नमस्कार करी, मग शेजारच्या गणपतीला.

दोन वर्षांपूर्वी मेंढरं विकली. चराऊ रान राहिलं नव्हतं, जिकडं बघावं तिकडं ऊस, आणि भागूबाईचे गुडघे तर मेंढरांच्या आधीच बसले होते. वाडा रिकामा झाल्यावर ती ओसरीवर बसून राही. सांज झाली की सवयीनं मोजायला उठे, आणि मोजायला काही नाही म्हणून परत बसे. बारामतीला एमआयडीसीत असलेल्या पोरानं, शंभूराजनं, ते पाहिलं आणि दिवाळीला काचेची पेटी आणून ठेवली. आत पाच गोल्डफिश, पाण्यासकट बारामतीहून आणलेले.

आबा देवळापुढच्या पारावर जाऊन बसला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलला, "धनगराच्या घरात आता मासं पाळायचं. उद्या बोकडाला पवायला शिकवू."

भागूबाईनं मात्र दुसऱ्याच दिवशी माशांना मेंढरांसारखी नावं दिली. काळी, मोरी, बांडी, शिंगी आणि लंगडी. लंगडीला पाय नव्हते, पण ती एका कुशीवर पोहायची. सांज झाली की भागूबाई काचेपुढं बसून मोजायची, एक, दोन, तीन, चार, पाच. मग उठून चुलीकडं जायची. गुडघे तेच होते, पण कुरकुरणं कमी झालं होतं.

रविवारी पेटीतलं पाणी बदललं. नळ नुकताच आला होता, पाणी ताजं होतं. सोमवारी लंगडी आणि शिंगी उलट्या तरंगत होत्या. पुढच्या रविवारी पुन्हा ताजं पाणी, आणि काळी आणि मोरी गेल्या. बांडी एकटी उरली. पांढऱ्यावर तांबडे ठिपके, तोंड वर काढून हवा गिळत होती.

भागूबाईनं रडारड केली नाही. तिनं चहा बंद केला. आबाच्या पुढ्यात रिकामी कपबशी ठेवली आणि म्हणाली, "चाळीस वरसांत माझ्या हातनं असं एकामागं एक जनावर गेलं न्हाय. रविवारच्या आत ह्याचा तपास लावा. बांडी गेली तर ह्या घरात चुलीवर चहा चढायचा न्हाय."

आबाच्या आयुष्यात दोनच गोष्टी होत्या ज्यांच्याविना तो जगू शकत नव्हता, आणि चंदेरी कार्ड ही त्यातली दुसरी होती.

मेलेली मोरी पेटीतल्या पाण्यासकट लोणच्याच्या बरणीत घालून तो इंदापूरला निघाला. मेंढी मेली तर डॉक्टरला दाखवावी, तसा. वाडीत कुणी विचारलं तर बरणीत लोणचं आहे म्हणाला. एसटी स्टँडच्या मागं माशांचं एक छोटं दुकान होतं. ते निकिता नावाची मुलगी चालवायची. तिनं बरणीचं झाकण उघडलं आणि मान मागं घेतली.

"मासा कुजलाय म्हणून न्हवं," ती म्हणाली, "पाण्याचा वास आला. कुठलं पाणी हाय हे, आबा?"

"नळाचं. माझ्या हातचं."

"क्लोरीन हाय त्यात. कल्लं जळत्यात ह्यानं. माशाला श्वासच घेता येत न्हाय." तिनं फळीवरून एक निळी बाटली काढली. "हे वॉटर कंडिशनर. पेटीत वतायच्या आधी बादलीत टाकायचं. दहा लिटरला दहा थेंब. क्लोरीन मरून जातं."

आबा बाटलीकडं बघत राहिला. "म्हंजी म्या टाकायचं आन् ह्या बाटलीनं मारायचं."

"व्हय."

"एकोणीस वरसं टाकतोय म्या."

"मग एकोणीस वरसं मासं पाळलं नसतील तुमी."

"दुसरं काय हाय का? बाटलीबिगर?"

"पाणी उघड्यावर उन्हात ठेवायचं एक दिवस. क्लोरीन उडून जातं." तिनं बरणीकडं पुन्हा पाहिलं. "तुमच्या पाण्याला आठवडा लागंल. बाटली न्या."

आबानं बाटली नेली, बंडीच्या आतल्या खिशात, छातीशी. पारावरून जाताना खिशावर हात ठेवून गेला. माशाला औषध आणलं हे पारावर कळलं असतं, तर बोकडाचं पोहणं त्याच्याच गळ्यात पडलं असतं.

रविवारी भागूबाईनं बादली भरली आणि थेंब मोजले. आबानं मुठीनं केलं असतं ते ती बोटाच्या टोकावर करत होती, ओठ हलवत, एकेक थेंब. मग पाणी पेटीत ओतलं. सोमवारी बांडी खाली दगडापाशी हिंडत होती. हवा गिळणं बंद झालं होतं. चुलीवर चहा चढला, आणि त्याला पावडरीचा वास होता, पण आबा तो दोन वेळा प्याला.

असे चार रविवार गेले. पाचव्या रविवारी आरोग्य सेवक अजित आला. कार्डांचा सर्व्हे चालू होता, रविवारचाही सुटत नव्हता. बारामतीचा पोरगा, हातात पाणी तपासायची छोटी पेटी आणि पोटात भूक. एका नळीत पाणी घ्यायचं, औषधाचे थेंब टाकायचे, पिवळं झालं तर क्लोरीन आहे, नाही झालं तर नाही. तो थेट आबाच्या घरी गेला. वाडीचं पाणी ज्याच्या हाती, त्याच्याच घरी बघावं. आबा व्हॉल्व्ह बंद करायला टाकीकडं गेला होता.

"आजी, नळाचं पाणी कुठं भरून ठेवलंय?"

"त्या बादलीत. आत्ताच भरलंय," भागूबाई म्हणाली. ते खरंच होतं. त्यात तिनं दहा थेंब घातलेले होते, पण ते त्यानं विचारलं नव्हतं.

अजितनं नळीत थेंब टाकले. हलवली. उजेडात धरली. पाणी आईच्या दुधाइतकं निष्पाप राहिलं, फक्त पांढरं नाही. त्यानं वहीत लिहिलं, क्लोरीन निरंक. आणखी चार घरी बघायचा नियम होता, पण जलसुरक्षकाच्याच घरी नाही तर दुसरीकडं काय असणार, असं त्याच्या पोटानं त्याला समजावलं.

तासाभरात ग्रामपंचायतीत माणूस मावेना. चंद्राबाईंच्या हातात वही होती आणि चंदेरी कार्ड खिळ्यावर तिरकं झालं होतं, बहुतेक कुणीतरी ते उतरवायची घाई केली होती.

"आबा," चंद्राबाई म्हणाल्या, "पावडर टाकताय का इकताय?"

"टाकतोय. चार मुठी."

"मग गेली कुठं?"

मागून एकजण म्हणाला, "मला वाटतच हुतं. पाण्यात कायबी नसतं." हा माणूस मागच्याच महिन्यात पाण्याला वास येतो म्हणून आंघोळ सोडून बसला होता. आणखी दोघांनी माना हलवल्या. एकोणीस वर्षं नाक धरून पाणी पिणारी सगळी वाडी आता म्हणत होती की पाण्यात कधी काही नव्हतंच.

"लाल कार्ड लागंल," अजित म्हणाला. "आन् नवा माणूस बघावा लागंल."

आबाला सगळं उमगलं होतं. घरी भागूबाईकडून ऐकून तो आला होता, बादली कोणती ते त्याला कळलं होतं. एका वाक्यात सुटका होती. पण त्या वाक्यात मासा होता, मासा बायकोचा होता, आणि समोर अख्खा पार उभा होता. तो तिरकं झालेलं कार्ड खिळ्यावर सरळ करू लागला.

तेवढ्यात दारातली माणसं बाजूला झाली. भागूबाई काठी टेकत आत आली. मेंढरं गेल्यापासून ती उंबऱ्याच्या बाहेर फारशी पडली नव्हती, आणि आता अर्धा फर्लांग चालून आली होती. तिनं निळी बाटली टेबलावर ठेवली.

"त्या बादलीत ह्यो दवा हुता. माझ्या माशाचा," ती म्हणाली. "ह्यांनीच आणलाय, इंदापुरातनं. ह्यांच्या पावडरीनं माझी चार जनावरं मारली, म्हणून पाचव्यासाठी आणला. आता बोकडाचं कुणाला काय बोलायचं आसंल तर बोलून घ्या. मला परत चालायचंय."

अजितनं कार्यालयात सकाळीच भरून ठेवलेलं नळाचं पाणी दोन ग्लासांत घेतलं. एकात बाटलीतला एक थेंब टाकला, एकात नाही. मग दोन्हींतलं पाणी दोन नळ्यांत घेऊन तपासलं. एक नळी स्वच्छ राहिली. दुसरी पिवळी झाली, आणि पिवळी होतच गेली. हळदीवर थांबली नाही. नारिंगीकडं निघाली.

आबाची छाती पुढं आली. "बघा. हाय का न्हाय?"

"हाय," अजित नळीकडं बघत म्हणाला. "आबा, थोडं पिवळं व्हायला पायजे. ह्यो तर भंडारा उधळलाय. किती टाकताय म्हणालात?"

"चार मुठी."

चंद्राबाईंनी किराणा दुकानातला काटा मागवला. आबानं पोत्यात हात घालून मूठ काढली. मेंढरं पकडून पकडून पसरलेला पंजा होता तो. काट्यावर सव्वाशे ग्रॅम भरले. अजितनं भिंतीवरचा तक्ता वाचला. "टाकीला अडीचशे पुरतं. दोन मुठी झाल्या. तिसरी कशाची?"

"भीतीची," आबा म्हणाला. "साथ आली तर नाव माझं जातंय."

"आन् चौथी?"

आबानं खाली पाहिलं. "बिरोबाची."

चंद्राबाईंनी वही मिटली. "बिरोबाला म्या सांगते. त्यो ऐकंल. तुमी दोनच टाका. आन् मुठीनं न्हाय, मापानं. एकोणीस वरसं पाव्हण्यांनी माझा भात ठेवलाय ताटात."

अजितनं वहीतलं निरंक खोडलं, राहिलेल्या चार घरी जाऊन तपासलं, आणि तोपर्यंत दुपार उलटून गेली होती. चंद्राबाईंनी त्याला जेवायला बोलावलं. भात होता. तो फक्त भाकरी खाऊन गेला.

दुसऱ्या दिवशी पहाटे आबानं कोंबड्यांच्या पुढचं भांडं काढलं, तीनदा धुतलं, आणि माप भरून वरून काठीनं सपाट केलं. दोन मापं. मग हात आपोआप पोत्यात परत गेला. आतच थांबला. पावडर मऊ होती, थंड होती, एकोणीस वर्षांच्या ओळखीची. त्यानं मूठ उघडली आणि रिकामा हात बाहेर काढला. त्या दिवशी वाडीत चहाला चहाचा वास आला. दोन म्हाताऱ्यांनी पाण्याला वास नाही म्हणून तक्रार केली.

रविवारी भागूबाई बादलीपुढं बसली. आबा बाजूला बसून नजर ठेवून होता. आता मापाचा माणूस झाला होता तो.

"आठ, नऊ, धा," तिनं मोजलं. मग बाटली पुन्हा तिरकी केली. अकरावा थेंब पडला.

"ह्यो कुणाचा?" आबानं विचारलं.

"बिरोबाचा. तुमी तिकडनं हाकललात, म्हणून म्या हितं घेतला." तिनं झाकण लावलं. "ह्या थेंबानं कुणी मरत न्हाय. निकिताला फोन करून इचारलंय म्या."

तिनं पाणी पेटीत ओतलं. बांडी खाली दगडापाशी होती, ती वर आली, काचेशी तोंड लावून एक फेरी मारून गेली. सांज झाली तेव्हा भागूबाईनं मोजलं, एक. मग उठून चुलीकडं गेली, आणि आबानं आपली कपबशी पुढं सरकवली.