सातशे चौतीसचा हप्ता

आमचं घर बघायला नवीन माणूस आलं की मागच्या खोलीपाशी थांबतं. पुढं व्हरांडा, मधे दोन खोल्या, वर स्लॅब, सगळं रीतसर. फक्त मागच्या खोलीत घरातून जायला दार नाही. भिंतच आहे. दार कुठाय, असं विचारतं माणूस. मग मी आधी घर केवढ्याला पडलं ते सांगायला लागते. पैशाचं सांगणं सोपं आहे.

नव्वद-एक्याण्णवची गोष्ट. वडगाव निंबाळकरच्या शिवारात आमचं पत्र्याचं घर होतं. सासऱ्यांनी मेंढरं मोडून दीड एकर घेतलेली, त्यात ऊस. मालक साखर कारखान्यात हंगामी कामगार. गाळप चालू असलं की पूर्ण पगार, हंगाम सरून पट्टा बंद पडला की अर्ध्यावर यायचा. मी शाळेत दुसरीपर्यंत गेलेली. पुढचं वाचायला शिकले ते वाण्याच्या पुड्यांच्या कागदावरून. पुडी सोडली की कागद झटकायचा आणि चुलीपुढं बसून वाचायचा. म्हणजे घरात वाचणारी मी एकटीच होते, मालकांना सहीपुरतं आणि आकडे मांडण्यापुरतं यायचं. हे मुद्दाम सांगते, कारण पुढं जे झालं त्यात मला कळत नव्हतं असं मला म्हणता येत नाही.

आणि घरात वन्सं होत्या, माझी नणंद, माझ्याहून नऊ वर्षांनी लहान. इंदापूर तालुक्यात दिली होती. नवऱ्यानं दुसरी ठेवली, पंचांपुढं काडीमोड झाली आणि चोविसाव्या वर्षी वन्सं ट्रंक घेऊन परत आल्या. नवऱ्याकडून काही मागितलं नाही. अंगावरच्या पाटल्या मोडल्या आणि दोन जर्सी गाई घेतल्या. डेअरीत दूध त्यांच्या नावानं जायचं, दहा दिवसाला बिल त्यांच्या हातात यायचं. हाताला मऊ बाई. गाय दुसऱ्या कुणाच्या हातानं पान्हा सोडायची नाही.

मला स्लॅबचं घर पाहिजे होतं. का, तर शेजारी झालं होतं. इतकंच कारण, दुसरं काही नाही. पावसात पत्रा वाजायचा हे मी मालकांना सांगायची, पण पत्रा काय आधीपासून वाजत होता.

बारामतीच्या एका पतसंस्थेनं पन्नास हजार द्यायचं कबूल केलं. वरचं उसाच्या बिलातून घालायचं ठरलं. हंगामी माणसाचा पगार धरत नाहीत, म्हणून हप्ता वन्संच्या दूधबिलातून कापायचा आणि जामीन म्हणून अंगठाही त्यांचाच. आम्ही तिघं एसटीनं गेलो. तिथला क्लार्क चांगला होता बिचारा. त्यानं कागदावर दोन आकडे मांडले. सात वर्षांत फेडायचं तर महिन्याला नऊशे त्र्याण्णव. पंधरा वर्षांत फेडायचं तर सातशे चौतीस. सातचा घ्या मावशी, म्हणाला, पंधराचा हप्ता लहान दिसतो पण घर महाग पडतं. मी त्याच्या डोक्यावरचा पंखा बघत होते. असला पंखा पुढच्या खोलीत लावायचा, असं चाललं होतं माझ्या मनात.

वन्सं म्हणाल्या, "सातचाच घ्या की वैनी. वरचं अडीचशे कुठनं तरी काढू."

ते अडीचशे मी कुठं घालणार ते माझं ठरलेलं होतं. बायकांची भिशी निघाली होती, त्यातून टीव्ही घ्यायचा होता. मी म्हणाले, पंधराचा घेऊ, जड जायला नको. मालकांनी मान हलवली.

आता आमची चूक ऐका. ही चूक नोकरदार माणूस करणार नाही, आम्हीच करणार. आम्हाला कर्ज म्हणजे सोसायटीचं पीककर्ज माहीत. वर्षाला उसाच्या बिलातून एकदम कापतात, आधी मुद्दल आणि त्याच्या शेपटाला व्याज. त्यामुळं आमच्या डोक्यात पक्कं की कुठल्याही कर्जात मुद्दल आधी फिटतं. परतीच्या एसटीत मालकांनी तिकिटाच्या मागं हिशोब केला. वर्षाला आठ हजार आठशे, पाच वर्षांत चव्वेचाळीस हजार. म्हणजे पाच वर्षांत कर्ज फिटल्यात जमा, उरलं सुरलं व्याज पगारातून देऊन टाकू. पंधरा वर्षं ही आपली संस्थेनं दिलेली सवलत.

वन्संनी ते तिकीट हातात घेऊन बघितलं. वाचता येत नव्हतं, तरी बघितलं. मग मला म्हणाल्या, "पाच वर्सं माझ्या गायींचं दूध घ्या. सहाव्या वर्साला माझं मला द्या. मग मी हितं ऱ्हाते का आनि कुठं जाते, ते माझं मी बघीन."

मी म्हणाले, बरं. ते बरं आम्हा दोघींतलं होतं. तेव्हा त्या सव्वीस वर्षांच्या होत्या.

घर झालं. मागची खोली वन्संना दिली, स्वयंपाकघरातून तिला दार. डेअरीवाला दर बिलाला दोनशे पंचेचाळीस कापायचा, तीन बिलांचे महिन्याचे सातशे पस्तीस, रुपया वरचाच. कापलेला पैसा हातात येतच नाही, त्यामुळं गेल्यासारखा वाटत नाही. वन्संच्या हातात पेंडीपुरतं उरायचं. लुगडं मी घ्यायची त्यांना, दिवाळीला एक, आणि घेताना दहा जणींना दाखवायची. दर दिवाळीला वन्सं गोठ्याच्या मेढीवर, लाकडी खांबावर, चुन्याचं एक बोट ओढायच्या. मालक चेष्टा करायचे, गायींना वाढदिवस कळतोय काय म्हणून. त्या हसायच्या. माझ्या घरात पंखा आला, टीव्ही आला. टीव्ही बघायला आळी जमायची आणि वन्सं धारा काढून दमलेल्या दाराला टेकून उभ्या राहायच्या. खाली बसा असं मी पाहुण्यांना म्हणायची.

पाच बोटं झाली. वन्सं मला म्हणाल्या, वैनी, पाच झाली. मी म्हणाले, जाऊन येते बारामतीला, काय उरलंय बघते.

क्लार्क तोच होता. उतारा काढून दिला. मी काउंटरलाच वाचला. परत वाचला. चव्वेचाळीस हजार चाळीस भरले होते. मुद्दल उरलं होतं त्रेचाळीस हजार आठशे आणि वर काही. पाच वर्षांत सहा हजार फिटले होते. सहा. बाकी सगळं व्याजात. मी त्याला म्हणाले, तुमची चूक झालीय. तो म्हणाला, "मावशी, पैल्या हप्त्यात सहाशे सदुसष्ट व्याजाचे होते आनि सदुसष्ट मुद्दलाचे. आधी व्याज घेतो आमी. पंधरा वर्सांचं असंच असतं. तवा सांगितलं होतं की." सांगितलं होतं, खरं आहे. किती वर्षं राहिली, मी विचारलं. दहा, म्हणाला. सातचा घेतला असता तर आता दोन उरली असती.

एसटीत बसून मी मनात हिशोब केला. तोंडी हिशोब मला चांगला येतो. सातचं कर्ज त्र्याऐंशी हजारात फिटलं असतं, हे एक लाख बत्तीस हजाराला जात होतं. दोनशे एकोणसाठ रुपये महिन्याला वाचवले म्हणून जवळजवळ एकोणपन्नास हजार जास्त. आणि आठ वर्षं. रुपयाचं वाईट वाटलं मला, रडू येईल इतकं वाटलं. आठ वर्षं कुणाची, हे त्या एसटीत माझ्या मनात आलं नाही. आलं असं लिहिलं असतं तर बरं दिसलं असतं.

घरी येऊन वन्संना काय सांगितलं? सांगितलं की थोडं राहिलंय, व्याजाचं आहे, बघू. त्यांनी विचारलं, थोडं म्हंजे? मी म्हणाले, थोडं म्हणजे थोडं.

त्यानंतर महिन्याभरात डाळजहून दोन पाहुणे आले. एक चाळिशीच्या आतला, बायको वारलेला, हायवेला चहाचं हॉटेल होतं. दुसरे त्याचे चुलते. भावकीतल्या एका लग्नात त्यानं वन्संना बघितलेलं. आमच्यात काडीमोड झालेलीचा पाट लावतात, त्यात वावगं काही नाही. मालक कारखान्यात होते. वन्सं एका गाईला घेऊन डॉक्टरकडं गेल्या होत्या. घरात मी.

चहा टाकला. दूध वन्संच्या गाईचं, साय येईपर्यंत आटवलेलं. माणूस साधा होता. कप दोन्ही हातांत धरून बसला होता, आणि बशीत न ओतता प्यायचं की ओतून, हे चुलत्यांकडं बघून ठरवत होता. म्हणाला, एक मुलगी आहे पाच वर्षांची, देणंघेणं काही नको, त्यांच्या गाई आहेत त्या त्यांनी आणाव्यात, हॉटेलला दूध लागतंच.

गाई आणाव्यात. तो एवढं बोलला नसता तर मी काय केलं असतं, मला ठाऊक नाही. तेवढं बोलला आणि मला उतारा दिसला. दहा वर्षं, सातशे चौतीस. पगारातून गेले असते? गेले असते. अर्ध्या पगाराच्या महिन्यात चटणी-भाकरी खाल्ली असती, टीव्ही विकला असता, गेले असते.

मी म्हणाले, तिच्या मनात नाही. एकदा पोळलीय ती.

तो म्हणाला, "तरी एकदा त्यांच्या तोंडनं ऐकलं असतं तर बरं झालं असतं. थांबतो आमी."

थांबला असता तो. तासाभरात वन्सं आल्या असत्या. मग मी चुलत्यांकडं वळले आणि आवाज खाली आणून म्हणाले, "तात्या, तुमच्यापासनं काय लपवायचं. मूल होत न्हाय तिला. त्यापायी तर काडीमोड झाली."

खोटं होतं ते. एका अक्षरानं खरं नव्हतं. तात्यांनी कप खाली ठेवला. तो माणूस म्हणाला की त्याला त्याचं काही नाही, मुलगी आहेच. पण तात्या उठलेच. तो व्हरांड्यातून मागं गोठ्याकडं बघत गेला. मी कप धुऊन फळीवर ठेवले, तीन कप, आणि त्यातला माझा परत खाली घेऊन उरलेला चहा प्याले.

वन्सं आल्या. कोण आलं होतं, विचारलं. विम्याचा माणूस, मी म्हणाले. मालकांनाही तेच सांगितलं.

पुढच्या दिवाळीला वन्संनी चुन्याचं बोट ओढलं नाही. पुढं कधीच नाही.

अडीच-तीन वर्षं गेली. अठ्ठ्याण्णवच्या शेवटाला वन्सं एक कालवड दाखवायला भिगवणच्या बाजाराला गेल्या. तिथं तो माणूस भेटला. बरोबर बायको, मुलगी आणि कडेवर एक पोरगं. बाजारात उभ्या उभ्याच बोलणं झालं असेल. त्यानं काही वाईट सांगितलं नाही, असं वन्संनी पुढं एकदा मालकांना सांगितलं. फक्त म्हणाला, तुम्हाला मागणी घालायला आलो होतो, मूल होत नाही ते तुमच्या वैनींनी सांगितलं, मला त्याचं काही नव्हतं, पण आमच्या तात्यांनी ऐकलं नाही, माझा राग मानू नका.

संध्याकाळी परत आल्या. कालवड विकली नव्हती, तशीच दाव्याला धरून आणली. मी स्वयंपाकघरात होते. त्यांनी हात धुतले, चरवी घेतली, धारा काढल्या, दूध डेअरीला घालून आल्या. मग मागच्या खोलीच्या दारात उभ्या राहिल्या.

"वैनी, मी वांझ हाय व्हय?"

मी भाकरी थापत होते. हात थांबला नाही माझा. भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं. त्या तेवढा वेळ उभ्या होत्या.

"हप्ते किती ऱ्हायले?" त्यांनी विचारलं.

"सात वर्सं."

"बरं."

माझ्यासारखंच म्हणाल्या, बरं. शिव्या दिल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं, मी उलटून चार दिल्या असत्या आणि रडलेही असते. त्यांनी मला तेवढी सवड दिली नाही.

पुढच्या बाजारात कालवड विकली. ते पैसे डेअरीतले नव्हते, त्यांना कपात नव्हती. त्यातून विटा आणल्या, सिमेंटच्या दोन गोण्या, आणि गवंडी सांगितला. गवंड्यानं खोलीला गोठ्याच्या अंगाला नवीन दार पाडलं. मग स्वयंपाकघरातलं दार काढून तिथं विटा रचायला लागला. मालक कामावरून आले, बघत राहिले. काय झालं, त्यांनी बहिणीला विचारलं. त्यांनी भावाला एवढंच सांगितलं की मला गोठा जवळ पडतो. मालकांना खरं कळायला आणखी वर्ष गेलं, आणि कळल्यावर ते माझ्याशी काय बोलले ते इथं लिहीत नाही.

गवंड्यानं मला विचारलं, ताटबीट द्यायला मधे एक झरोका ठेवू का. मी भिंतीपलीकडं आवाज दिला, वन्सं, झरोका ठेवायचा का. पलीकडून त्या गवंड्याला म्हणाल्या, "न्हाय. सगळं बुजवा."

हप्ता थांबला नाही. सात वर्षं डेअरीतून दर बिलाला तसाच कापला गेला. त्यांचा अंगठा होता कागदावर, आणि त्यांनी दिलेलं बरंही होतं. पतसंस्थेचं कर्ज फिटल्याचा दाखला आला, तो मी घराला वळसा घालून त्यांच्या दाराशी नेला. त्यांनी तो वैरणीच्या हातानं घेतला, उलटा की सुलटा न बघता परत दिला आणि म्हणाल्या, तुमच्या घराचा हाय, तुमी ठेवा.

पण मला आठवतो तो त्याच्या सात वर्षं आधीचा आठवडा, भिंत ओली असतानाचा. नवीन बांधकामाला सात दिवस पाणी मारावं लागतं, नाहीतर तडे जातात. त्यांच्या बाजूनं त्या मारायच्या. माझ्या बाजूनं मी मारलं, सकाळ-संध्याकाळ, तांब्या तांब्यानं, नेमानं. एक दिवस चुकवला नाही. घर माझं होतं, आणि मला त्याला तडा नको होता.