आवाज किती फाटावा

आम्रपाली स्वस्थ बसलेली मी पाहिलेली नाही. साताऱ्यात माझ्या घराच्या वरच्या मजल्यावर ती भाड्याने राहते, शिरवळच्या एका कारखान्यात औषधाच्या गोळ्यांची तपासणी करते, आणि संध्याकाळी कंपनीच्या बसमधून उतरली की चपला काढायच्या आधी गिटार गळ्यात घालते. वय चौतीस. लग्न का केलं नाहीस असं कुणी विचारलं तर "वेळ नाही" म्हणते, आणि ते खरं आहे. जेवते उभ्याने. फोनवर बोलताना जिना चढते-उतरते. मी स्वतः घाईची बाई, पण तिच्याकडे बघून मलाच दम लागतो.

मूळची ती पलूसची. तिथं तिच्या चुलत्याची, धनाजीतात्यांची, भीमगीतांची गायन पार्टी आहे. आम्रपालीची आई पारूबाई तिच्यातल्या मुख्य गायिका. माइक बंद पडला तरी शेवटच्या रांगेतल्या बायका मान वर करून ऐकतात असा त्यांचा आवाज. बाकी ढोलकी, हार्मोनियम, किबोर्ड, कोरस, आणि सुट्टीला येणाऱ्या आम्रपालीची इलेक्ट्रिक गिटार.

यंदाच्या जयंतीसाठी पहिल्या गाण्याची सुरुवातीची धून तिने स्वतः बसवली होती. जिन्यातून ती माझ्या कानावर इतक्यांदा पडली की माझी विळी भाजी चिरताना त्याच तालात चालायला लागली. धून चांगलीच होती. पण साध्या गिटारवर ती नाजूक वाटायची, आणि आम्रपालीला नाजूक काही नको होतं. तिला आवाज जरा फाटलेला हवा होता, लांबच्या माणसाला हाका मारून घसा बसावा तसा. त्यासाठी डिस्टॉर्शन पेडल लागतं. पेडल म्हणजे गिटारची वायर जिच्यातून जाते ती छोटी लोखंडी डबी. पायाने दाबली की आवाज फाटतो.

घाई लागली ती प्रथमेशमुळे. हा पार्टीचा किबोर्डवाला. सनई, शंख, तुतारी, सगळं त्याच्याकडे बटणावर असतं. मागच्या तालमीला तो तात्यांना म्हणाला, "तात्या, फाटकी गिटार बी हाय की माज्याकडं. धून मी बटणावर वाजवतो. आम्रपालीनं पुढं उभं राहायचं आन हात हलवायचा. लोकास्नी काय कळतंय?"

तात्यांना ते निम्मं पटलं. "पोरी," ते म्हणाले, "रविवारी तालमीला तुजा आवाज ऐकीव. जमला तर तू, न्हाईतर त्याचं बटण. पर उभी तूच राहा. फोटोत गिटार बरी दिसती."

हे मला सांगताना ती जिन्यातल्या एकाच पायरीवर वर-खाली करत होती. "काकू, वायर न लावता गिटार गळ्यात घालून नाचू मी? दुकानाच्या काचेतली बाहुली हाय व्हय?"

"मग पेडल आण."

"सांगलीला जावं लागेल."

"बॅग घे. गाडी मी काढते."

शनिवारी निघालो. आष्टा येईपर्यंत तिने फोनवर वेगवेगळी पेडलं ऐकवली. मला सगळी पिठाच्या गिरणीसारखी ऐकू आली. सांगलीच्या दुकानाचे मालक लालासाहेब म्हणजे अघळपघळ माणूस. त्यांनी काउंटरवर तीन डब्या मांडल्या. "ह्यो मवाळ, ह्यो मधला, आन ह्यो राक्षस."

मवाळाला तिने नाक मुरडलं. "ह्येला सर्दी झालीय." मधल्यावर थोडं रेंगाळली. राक्षसावर पाय दिला आणि काचेच्या कपाटातल्या बासऱ्या थरथरल्या. दुकानातल्या गिटारच्या अँपमधून, म्हणजे गिटारसाठीच्या खास स्पीकरच्या खोक्यातून, आवाज निघाला तो भरदार, रुंद. मलाही आवडला. तरी ती पुन्हा मधल्यावर गेली, परत राक्षसावर, परत मधल्यावर. पार्किंगमध्ये माझ्या गाडीमागे कुणीतरी हॉर्न वाजवत होतं.

"अगं, लग्नाचा शालू घेतेयस का? उचल एक!"

तिने राक्षस उचलला.

रविवारी सकाळी पलूसला, विहाराशेजारच्या हॉलमध्ये तालीम. पार्टीची पद्धत अशी की माइक, ढोलकी, किबोर्ड, गिटार, सगळ्यांच्या वायरी एकाच मिक्सरमध्ये जातात आणि दोन उंच स्पीकरमधून आवाज बाहेर येतो. आम्रपालीने वायर जोडली, ऐटीत डबी दाबली आणि धून सुरू केली. पत्र्याच्या डब्यात गांधीलमाश्या कोंडाव्यात तसं काहीतरी बाहेर पडलं.

"आम्रे, चटणीचं कांडप लावलंस व्हय?" प्रथमेश ओरडला. सगळा कोरस हसला.

पारूबाईंनी पहिली ओळ उचलली. त्यांचं तोंड हलताना दिसलं, शब्द एकही आला नाही. त्या थांबल्या. "माजं शब्द कुटं गेलं गं?"

गायन पार्टीत शब्द गेला की सगळं गेलं. लोक शब्दासाठीच येतात. तात्यांनी हात झटकला. "ठरलं. बटण."

आम्रपालीने वायर उपटली आणि हॉलभर येरझारा घालायला लागली. एका फेरीत त्या उंच स्पीकरसमोर थबकली, जाळीवर बोटाने टकटक केलं आणि माझ्याकडे धावत आली.

"काकू, दुकानात मी गिटारच्या अँपवर वाजवलं. त्यो अँप आवाजाची धार खातो. आपल्या पार्टीकडं अँप कवा होता? वायर थेट मिक्सरात. आयुष्यभर हितं वाजवत आले, आन डबी निवडली शहरातल्या बँडवाल्यासारखी! चला."

"कुठं?"

"सांगलीला." आणि मागे वळून, "तात्या, मी आल्याबिगर ठरवायचं न्हाई!"

"दिस मावळायच्या आत ये," तात्या म्हणाले. "मंग ऐकणार न्हाई."

रविवारी दुकान बंद. मागेच लालासाहेबांचं घर. त्यांना आम्ही जेवणावरून उठवलं. आमटीचा हात तसाच धरून त्यांनी शटर वर केलं.

"अँप नको," आम्रपाली म्हणाली. "भजनी मंडळांना विकता तो स्पीकर लावा. मिक्सर लावा. त्यात थेट."

राक्षसाने तिथेही गांधीलमाश्याच सोडल्या. मधल्याने जरा कमी. मग तिने मवाळ घेतला, फाटण्याचं बटण निम्म्यावर आणलं, धारेचं पार खाली नेलं, आणि माझ्या हातात माइक दिला.

"बोला, काकू."

"काय बोलू?"

"काय बी. थांबायचं मात्र न्हाई."

थांबायचं नाही म्हटल्यावर मी सोडते काय? मनात साचलेलं सगळं काढलं. वरची टाकी भरून वाहत असते. फाटक उघडं टाकतेस, गाई येऊन माझी कोथिंबीर खातात. जिन्यातला दिवा दिवसाही जळतो. ती वाजवत होती, वाकून बटणं फिरवत होती. लालासाहेब दारात उभे राहून ऐकत होते.

"टाकीपर्यंत समजलं," ते म्हणाले. "गाईनं काय खाल्लं?"

तिने धार आणखी उतरवली. मी पुन्हा फाटकापासून सुरू केलं.

"कोथिंबीर! आलं, आलं, सगळं आलं." ते आम्रपालीकडे वळले. "ताई, तुमी आता दुसरीकडं खोली बघा."

धूनही आली होती. घसा बसलेली, दमदार, आणि माझ्या बोलण्याच्या आड न येणारी. आम्रपालीने राक्षस काउंटरवर ठेवला आणि मवाळ बॅगेत टाकला. लालासाहेब बदलून द्यायला कुरकुरले, पण भात निवत होता.

पलूसच्या रस्त्यावर एक ट्रॅक्टर सुटेचना. डाव्या बाजूला ऊन उतरत होतं. आम्रपाली डॅशबोर्डवर थापा मारत होती. "काकू, घाला की म्होरं." मी घातली. ते इथं फार सांगत नाही.

पोचलो तेव्हा प्रथमेश तिचीच धून बटणावर वाजवत होता. स्वच्छ, बिनचूक वाजवत होता, हे कबूल करायला हवं. ती वायर जोडून उभी राहिली. त्याचं संपल्यावर तिने डबी दाबली.

ढोलकीवाल्याने आपोआप मान हलवली. तात्या उठले, चालत चालत हॉलच्या बाहेर फाटकापर्यंत गेले, तिथे पाठ करून ऐकत उभे राहिले आणि परत आले.

"सुरवात तुजी," ते म्हणाले. "पर पारू गायला लागली की डबी बंद."

"बंद न्हाई, तात्या. कमी."

"बंद!"

"कमी!"

"तुमी भांडा," पारूबाई म्हणाल्या, "मी तवर गाते." आणि त्यांनी पहिली ओळ उचललीच.

आम्रपालीचा पाय डबीकडे गेला नाही. करंगळीने तिने गिटारवरचंच आवाजाचं बटण थोडं मागे घेतलं आणि फाटलेला आवाज निवळत आईच्या स्वराखाली जाऊन बसला. शब्दन् शब्द ऐकू येत होता. कडवं संपलं तशी करंगळी पुढे गेली आणि घसा बसलेली हाक पुन्हा वर आली.

"केलीस न्हवं बंद?" तात्यांनी विचारलं.

"पुन्हा पहिल्यापासून," आम्रपाली ढोलकीवाल्याला म्हणाली. "आन जरा जलद घे रं."