सामोरून आलेली पात

मी भांडकुदळ आहे, हे आमच्या गावात कुणालाही विचारा. कामरगावच्या बाजारातला भाजीवाला मला लांबून पाहिलं की काटा आपोआप सरळ धरतो. लहानपणी विहारासमोरच्या ओट्यावर दर जयंतीला माझं भाषण ठरलेलं असायचं. पुढं वादविवाद स्पर्धांच्या ढाली इतक्या झाल्या की मायनं त्यातली एक तांदळाच्या डब्यावर झाकण म्हणून ठेवली. आता मी वाशिमला एका शाळेत शिकवते आणि मुलांना स्पर्धेसाठी तयार करते. समोरच्याचा मुद्दा पकडा, पुरावा मागा, खोडून काढा, त्याला बोलायला जागाच ठेवू नका, असं मी वर्गात मोठ्या तोऱ्यात सांगायची. हल्ली सांगत नाही.

गेल्या दसऱ्याला सुट्टीत घरी गेले होते. सोयाबीनची सोंगणी, म्हणजे कापणी, चालू होती आणि माय रोज बायांच्या टोळीत जात होती. संध्याकाळी ओसरीत बसून ती म्हणाली, "पाठीले जरा मलम चोळून दे वं." मी चोळत होते. हात खांद्यावरून काखेकडं सरकला आणि बोटांना काहीतरी लागलं. सुपारीएवढं, कडक. परत दाबून पाहिलं. ते जागचं हललं नाही.

"हे काय हाय?"

"काई नाई. दुखत नाई ते."

दुखत नाही, हे ऐकून तर मी जास्तच घाबरले. आमच्या शाळेत शिबिराला आलेल्या डॉक्टरीणबाई हेच बजावून गेल्या होत्या, की न दुखणाऱ्या गाठीची वाट पाहत बसू नका. मलमाच्या डबीचं झाकण मला दोनदा तिरपंच लागलं. बाप मी कॉलेजात असतानाच गेला. भावंड नाही. घरात ही एकच बाई, आणि मी तिची एकुलती एक भांडकुदळ पोरगी. ती गेली तर माझ्याशी भांडायलाही कुणी उरणार नव्हतं.

भीती वाटली की लोकांना रडू येतं. मला वाद घालता येतो.

"उद्याच अकोल्याले जाऊ," मी म्हटलं.

"सोंगणी चालू हाय."

"सोंगणी तुह्याशिवाय थांबत नाई. टोळीत पंधरा बाया हाय."

"माह्या जोडिणीचं काय? मी नसली त ती एकटी पडते."

"चार दिवस दुसरीसंगं जाईन ते."

"दुखत नाई त कायचा दवाखाना?"

"दुखत नाई म्हणूनच दवाखाना."

एकेक मुद्दा मी असा उडवत गेले. तिनं एक काढला की माझं उत्तर तयार. शेवटी तिनं शेजारच्या काकूंचं नाव काढलं. काकूंना असंच काहीतरी झालं होतं. अकोल्याला नेलं आणि गाडीत निजवून परत आणलं. मयताला माय पुढं होती, काकूंना आंघोळही तिनंच घातली होती.

"ते गेली दवाखान्यात अन् काय झालं? पाह्यलं ना तू?"

माझ्याकडं याचंही उत्तर होतं, आणि ते सगळ्यात जोरकस होतं. "काकू दवाखान्यात गेली म्हणून नाई मेली. उशिरा गेली म्हणून मेली. सहा महिने लपवलं तिनं. सहा महिन्यानं गेल्यावर कोनता डॉक्टर वाचवते, सांग बरं मले?"

माय गप्प झाली. पदर सारखा केला आणि चुलीकडं गेली. खरं सांगते, त्या क्षणी मला बरं वाटलं. लिहायला लाज वाटते, पण वाटलं. समोरचा गप्प झाला की आपण जिंकलो, एवढंच मला येत होतं.

सकाळी उठून पाहते तर खुंटीवरचा विळा नाही. टोळीचा ऑटो केव्हाच गेला होता. मी अशी चिडले की चहासुद्धा न घेता शेताकडं निघाले. वाटेनं तोंडानं बडबड चालूच होती, हिला काही कळतच नाही, हिला मरायचंच आहे. 'मरायचंच आहे' हे तोंडातून निघालं आणि मी रस्त्याच्या मधोमध थांबले. कडेच्या एका दगडावर बसले. मोटरसायकलवाला थांबून विचारून गेला, बाई बरं वाटत नाही का म्हणून.

शेतात टोळी ओळीनं वाकलेली होती. सोंगणीत प्रत्येकीला काही ओळी वाटून येतात, त्याला पात म्हणतात. दोघी-दोघींची जोडी असते. जिची पात आधी संपते ती धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, जाऊन बसत नाही. ती वळते आणि मागं पडलेल्या जोडिणीच्या पातीत दुसऱ्या टोकाकडून, सामोरून कापत येते. दोघी मधात भेटल्या की पात संपली. हे मी जन्मापासून पाहत आलेय. त्याचा कधी विचार मात्र केला नव्हता.

मायची जोडीण माझ्या जन्माच्या आधीपासूनची. तिनं मला येताना पाहिलं आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "भांडाले आली का?"

"बोलाले आली."

"मंग हे घे." तिनं तिचा विळा माझ्या हातात दिला. "काप माही पात. तुह्या मायले उभ्यानं बोलता येत नाई."

मी वाकले. पंधरा वर्षांत विळा धरला नव्हता. वाळक्या शेंगांची टोकं बोटांत घुसत होती, दहा पावलांत दम लागला. माय कधीच पुढं गेली होती. मला तिची पाठ दिसत होती, तीच पाठ जिला मी काल मलम लावलं. ती मुठीत झाडं धरून हिसका द्यायची तेव्हा डावा हात अर्धाच उचलायची. किती दिवसांपासून असा उचलते, मला माहीत नव्हतं. बोलायला मुद्दे पुष्कळ होते, पण श्वासच नव्हता. नुसती भीती होती, आणि ती दर मुठीला वाढत होती.

मायची पात संपली. ती वळली आणि माझ्या पातीत सामोरून कापत येऊ लागली. मध्ये दोन हात सोयाबीन उरलं तेव्हा ती थांबली. मातीनं भरलेलं तोंड, कपाळावर घाम.

"तू म्हनली, काकू उशिरा गेली म्हणून मेली."

"हो."

"सहा महिन्यानं गेल्यावर कोनी वाचवत नाई म्हनली."

"हो."

"मले होयीपासून हाय ते." तिनं विळा खाली ठेवला. "होयी ते दसरा, मोज. मंग मी जाऊन काय करू?"

होळी ते दसरा. मी मोजलं नाही, मोजायची गरज नव्हती. काल ज्या वाक्यावर मी जिंकले होते, त्याच वाक्यानं मी माझ्या मायला सांगून टाकलं होतं की तू मेलीस. ती चुलीकडं गेली ते हरून नाही गेली, पटून गेली. रात्रभर तिनं एकटीनं ते पटवून घेतलं आणि सकाळी विळा उचलला. मी मात्र पलीकडच्या खाटेवर घोरत होते.

आयुष्यात पहिल्यांदा मी म्हटलं, "मले माईत नाई, माय."

मीही विळा खाली ठेवला.

"मले काईच माईत नाई. काल उगाच बोलली मी. मले लय भेव लागून राह्यलं."

"मले बी," ती म्हणाली. सात महिन्यांत हे ती पहिल्यांदाच कुणाजवळ बोलत होती. "तिथं बाई डॉक्टर असन का?"

"माईत नाई. फोन करून इचारीन."

"माह्यासमोरच सांगतीन का, का मले बाहीर बसवून तुलेच सांगतीन? काकूले बाहीर बसवलं होतं. शेवटपरेंत तिले कोनी सांगतलंच नाई. मले तसं नाई पाह्यजे."

या एका गोष्टीला ती सात महिने भीत होती. काल मी तासभर बोलत होते, पण हे विचारायचं मला सुचलं नव्हतं. "तुह्यासमोरच सांगतीन," मी म्हटलं. "मी बी आतमधीच राहीन."

"पक्कं?"

"पक्कं."

तिनं विळा उचलला. "मंग हे पात पुरी कर. अर्धी टाकून कोनी जात नाई."

अकोल्यात डॉक्टर बाईच निघाल्या. त्यांनी गाठीचा तुकडा काढून तपासायला पाठवला आणि आठ दिवसांनी बोलावलं. त्या आठ दिवसांचं काय सांगू? शाळेत मी फळ्यावर एकच वाक्य दोनदा लिहायची. फोन वाजला की वर्ग सोडून बाहेर पळायची. आणि माय तिकडं रोज सोंगणीला जात होती.

आठव्या दिवशी डॉक्टरबाईंनी कागद वाचला, चष्मा काढला आणि माझ्याकडं पाहिलं. "आजींना जरा बाहेर बसवता का?"

तेवढ्यावरून मला कळलं. मायलाही कळलं. ती उठायला लागली, आणि तिनं माझ्याकडं असं पाहिलं की ते मी कधी विसरणार नाही.

एरवी मी टेबलावर हात आपटला असता. हक्क काढले असते, कायदा काढला असता. आज मात्र नाही. मी विचारलं, "मॅडम, तुम्हाला कशाची काळजी वाटते?"

"त्या खचतील. ऐकून उपचारच सोडून देतात काही जणी."

"खरं आहे. पण हिला न सांगितल्याची भीती जास्त आहे. त्यापायी ही सात महिने आली नाही. आज बाहेर बसवलं तर परत येणार नाही."

डॉक्टरबाईंनी चष्मा परत लावला. मग मायला म्हणाल्या, "बसा आजी."

त्यांनी सगळं सांगितलं. आजाराचं नाव सांगितलं, औषधं, ऑपरेशन, केस जातील तेही सांगितलं. मायनं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मांडीवरचे हात तिनं पदराखाली घेतले.

"उशीर झाला का?" तिनं विचारलं.

"झाला."

मी डोळे मिटले.

"मंग आता येऊन काई फायदा हाय का?"

"आहे," डॉक्टरबाई म्हणाल्या. "उशीर झालाय, आणि फायदाही आहे."

पदराखालून मायचा हात बाहेर आला आणि माझ्या मनगटावर येऊन बसला. पेशंट मीच असल्यासारखी ती माझ्याकडं वळली.

"आयकलं ना?" ती म्हणाली.

"आयकलं," मी म्हटलं.