पाळकांच्या नावावरचं खोटं

हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. आईला नाही, बायकोला तर नाहीच. परवा पिंपरीच्या कारखान्यात जेवणाच्या सुटीत एकजण म्हणाला, "पाद्री म्हणजे काय राव, बाटवायचा धंदा!" सगळे हसले. मी खाली मान घालून जेवत राहिलो. नंतर दिवसभर अंगाची लाही होत होती. राग कोणावर होता? त्याच्यावर? त्याला बिचाऱ्याला काय ठाऊक — ठाऊक होतं ते मला.

मी बोलतोय शमुवेल पाळकांबद्दल. चाकणच्या अलीकडच्या एका गावात, वेशीबाहेर, त्यांची कौलारू शाळा होती. रविवारी तिथंच उपासना व्हायची. त्यांचे आजोबा महारवाड्यातून ख्रिस्ती झालेले. गावाच्या लेखी पाळकांची ओळख तिथंच संपत होती. हिवताप आला की कोयनेलच्या गोळ्या पाळकांकडच्या. पलटणीतल्या पोराचं पत्र वाचायचं, चला पाळकांकडे. सरकारात अर्ज द्यायचा, चला पाळकांकडे. गोळी मात्र घरी येऊन आपल्या तांब्यातल्या पाण्यानं गिळायची! कोयनेल चालत होतं, पाणी चालत नव्हतं. हा कुठला धर्म, हे आम्ही कोणी कधी विचारलं का?

दुष्काळात धान्य दाखवून माणसं ओढणारे पाद्री कुठं झालेच नसतील, असं मी म्हणत नाही. पण आमच्या भागात मुलींच्या हातात पहिली पाटी कोणी दिली? महारोग्याच्या जखमा कोणी धुतल्या? आमच्यातल्या कोणी? आम्ही तर त्या वाटेनं जाताना नाकाला धोतराचा सोगा लावत होतो.

आमची वस्ती तिथून चार मैलांवर. वडील निरक्षर, पण मला शिकवायचं त्यांच्या मनानं घेतलं होतं. त्यांनी मला पाळकांकडे ठेवलं, सोमवार ते शनिवार, दोन वर्षं. भावकीला सांगितलं, पोरगं शिधा घेऊन जातं, आपल्या हातानं रांधून खातं. खरं — आता लिहितोच — मी एक दिवसही रांधलं नाही. पाळकांच्या पत्नीला मी मावशी म्हणायचो. त्यांच्या हातची बाजरीची भाकरी आणि हुलग्याचं माडगं खाऊन मी मॅट्रिक झालो. आजारी पडलो तेव्हा माझी ओकारी त्यांनी काढली.

पाळकांचा एक नेम होता. हिंदू घरचं मूल ठेवून घेताना ते बापाकडून कागद करून घेत. माझ्याही वडिलांकडून घेतला. त्यात लिहिलं होतं — मुलगा पाळकांच्या घरी राहील, त्यांच्यातच जेवेल, त्यास ख्रिस्ती धर्म शिकवला जाणार नाही, यास माझी राजीखुशी आहे. खाली वडिलांचा अंगठा. तो कागद पाळक स्वतःकडे ठेवत नसत. म्हणत, "माझ्यापाशी राहिला तर मीच केला म्हणतील. तुमच्या पेटीत असू द्या." इतकी सावधगिरी त्या माणसाला का बाळगावी लागत होती? ते तेव्हा मला कळलं नाही.

पुढं मी पुण्यात बी.ए. झालो. आमच्या भावकीतला पहिला. वडील तोवर गेले होते. माझ्या लग्नाचं तात्या बघत होते — माझे चुलते. खेडजवळच्या एका मोठ्या घरची मुलगी ठरली होती, सुपारी फुटायची बाकी होती.

त्याच महिन्यात पाळकांविरुद्ध तक्रार गेली. पाद्री आमची पोरं फूस लावून घरात ठेवतो, जेवू घालून बाटवतो, सबब शाळेची जागा गावाला परत मिळावी. अर्जावर तात्यांची सही दुसरी होती. मामलेदार चौकशीला येणार होते. पाळकांनी मला निरोप पाठवला, येताना वडिलांचा कागद घेऊन ये. बाकीच्या बापांनी भीतीपोटी कागद केव्हाच नाहीसे केले होते. उरला होता तो माझाच.

मी तो घेतला. कोटाच्या आतल्या खिशात घातला. द्यायचाच, असं ठरवून निघालो होतो. पण ठरवण्याला काय किंमत आहे?

चावडी गच्च भरलेली. पाळक दाराशी उभे, पायातल्या वहाणा बाहेर काढून. मामलेदारांनी विचारलं, मुलं ठेवता ते कोणाच्या परवानगीनं? पाळक म्हणाले, "बापांच्या लेखी परवानगीनं, साहेब. हा मुलगा दोन वर्षं माझ्याकडे होता. याच्यापाशी कागद आहे."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. खेडची सोयरी मंडळीही त्या दिवशी आलेली होती. तेवढ्यात तात्या हसले. "आता काय म्हनावं! आवं सायेब, बाकीच्यांचं ऱ्हाऊ द्या, आमचं पोरगं शिधा बांधून जायाचं. आमच्यातलं पोर ह्यांच्या ताटात जेवंल व्हय? न्हाई रं बाळ?"

चावडी खदखदली. आणि मी — मीही हसलो. मग म्हणालो, "असा काही कागद नाही."

कागद छातीला लागत होता. मी तो काढला असता तर शाळा वाचली असती. माझी सोयरीक मोडली असती, भावकीत काही वर्षं पंगतीला पान मिळालं नसतं. एवढंच. शाळेसमोर एवढंच तोललं मी.

मामलेदार पाळकांकडे वळले. "हा मुलगा तुमच्या घरी जेवत होता की नाही? नीट सांगा."

पाळकांनी माझ्याकडे पाहिलं. रागानं पाहिलं असतं तर बरं झालं असतं. दर रविवारी लोकांना खोट्या साक्षीविरुद्ध शिकवणारा तो माणूस म्हणाला, "नाही साहेब. तो स्वतः रांधायचा. कागदाबद्दल माझीच चूक झाली."

मामलेदारांनी लिहून घेतलं.

घरी आल्यावर मी तो कागद चुलीत घातला. आईनं विचारलं, काय रे ते? जुना कागद, म्हटलं. लग्न ठरल्या मुहूर्तावर झालं. शाळा महिन्याभरात बंद पडली. तिथं शिकणाऱ्या अकरा मुली घरी बसल्या, त्यांतल्या दोघींची लग्नं त्याच वैशाखात लावली. पाळक आणि मावशी नगरकडे गेले म्हणतात. मी चौकशी केली नाही. गाव म्हणालं, बरं झालं, ब्याद गेली. त्या गावाची मला चीड येते. पण ज्या हसण्यावर ती शाळा गेली त्यात माझा आवाज होता, आणि तिथल्या दुसऱ्या कोणी मावशींच्या हातचं खाल्लेलं नव्हतं.

चौकशीचा कागद पुढं मी तालुक्याच्या कचेरीत पाहिला. त्यात लिहिलंय, सदर पाद्री खोटे बोलतो. माझ्याबद्दल लिहिलंय, पदवीधर, विश्वासार्ह. त्यांचं आणि माझं, दोन्ही उलटं आहे.