माणसं लागणारा डबा

घाटनांदूरच्या स्टेशनवर गाडीची वाट बघताना मी मोबाईलवर खेळाचे दोन डबे ताडून बघत होतो. माझ्याकडे जंगलाचा एक पटावरचा खेळ आहे. त्यात कोल्हे, ससे आणि पाखरं जंगलाच्या राज्यासाठी झुंजतात. त्याला जोडायच्या एका नव्या डब्यात पाणमांजरं आणि जादा खेळाडूंची जागा होती, तर दुसऱ्यात एकट्यानं खेळायची सोय. बदलीच्या गावी मी एकटाच, म्हणून दुसराच घेणार होतो.

शेजारी एक बाई शेंगा फोडत बसल्या होत्या. थोडे दाणे स्वतः खायच्या, थोडे न विचारताच माझ्या हातावर ठेवायच्या.

"काय बघायलाव एवढं?" त्यांनी विचारलं.

मी सगळं सांगितलं. चित्रातलं पाणमांजर बघून त्या खुदकन हसल्या.

"एकट्यानं जिकून सांगणार कुणाला? मानसं लागतेत तोच घ्या. मंग मानसं हुडकावीच लागतेत."

गाडी आली, त्या बायकांच्या डब्यात चढल्या. नाव विचारायचं राहूनच गेलं.

मी पहिला डबा मागवला. आता दर रविवारी घरमालक, त्यांची सून आणि शेजारचे कंपाउंडर माझ्या खोलीत जमतात आणि तावातावानं भांडतात. मी बहुतेक वेळा हरतो, आणि चहाही मलाच करावा लागतो.