फरक तेवढा सांगणारे काका

डिलाईल रोडला आमच्या चाळीत एक काका होते. त्यांच्याशी पूर्ण वाक्य बोलायची सोयच नव्हती. मी “काका, आज नळाला...” म्हणालो की ते म्हणत, “पाणी नाही. पुढे?” पुढे काही नसलं की ते चालू लागत. त्यांचा अंदाज चुकला तरच थांबत आणि चुकलेला शब्द तेवढा ऐकून घेत. मला तर त्यांच्या तोंडात जिभेऐवजी कात्री असावी असं वाटायचं.

संयुक्त महाराष्ट्राची एकही सभा ते चुकवत नसत. गुडघ्यांनी जखडलेली मालवणची मावशी वर गॅलरीत त्यांची वाट बघत बसायची.

“काय बोलले रे?”

“कालचंच. फक्त मधे माईक बिघडला.”

“मेल्या, मगे दोन तास खंय होतस?”

“मावशी, ‘मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे’ हे तुला पाठ आहे. मग तेच तीन जिने वर कशाला वाहून आणू?”

मावशी तोंडभर शिव्या घालायची.

एका संध्याकाळी काका धापा टाकत वर आले.

“काय बोलले रे?”

“कालचंच. फक्त शेवटचं ‘पाहिजे’ काढून टाकलं.”

मावशीने ओठांतल्या ओठांत घोषणा म्हणून बघितली. ‘झालाच’पाशी ती थांबली आणि तिने पदर डोळ्यांना लावला.

“परत सांग रे बाबा.”

आणि जन्मात एक गोष्ट दोनदा न सांगणारे आमचे काका चाळीतल्या दारादारात उभे राहून तेच ते सांगत सुटले.