वाघळांचं तेल

५ जून २००३, गुरुवार. सकाळी नऊ वाजता मी मोरीत बसून खोकल्याच्या औषधाची रिकामी बाटली घासत होते. गरम पाण्यात बुडवूनही लेबल निघेना, शेवटी नखाने खरवडलं. बाटली सासूबाईंनी दिलेली.

"झाकण पाहून घेजो," त्या पलंगावरून म्हणाल्या. "नाई तं पिशवीत सांडन."

सासूबाईंचं माहेर ब्रह्मपुरीचं. नाशिकला येऊन त्यांना पन्नास वर्षं झाली, पण गुडघे दुखायला लागले की त्यांना इथला एकही डॉक्टर आठवत नाही, वाघळाचं तेल आठवतं. मी शाळेत विज्ञान शिकवते. वटवाघळाच्या चरबीने सांधे बरे होतात ही अंधश्रद्धा आहे, असं दर वर्षी आठवीला सांगते. आणि मी निघाले होते नेमकी वटवाघळं बघायला. ब्रह्मपुरीच्या कॉलेजात शिकवणाऱ्या मैत्रिणीचं पत्र आलं होतं की सावलीकडच्या एका गावात करीमभाऊ नावाचा माणूस दर शनिवारी संध्याकाळी लोकांना वाघळं दाखवत फिरवतो. बघून जा, पटलं तर मुलींची सहल आण.

"तेल आणणार नाही मी," सासूबाईंना स्पष्ट सांगितलं. "त्यासाठी जीव मारावा लागतो."

"मंग बाटली काऊन घासून राह्यली?"

मी झाकण घट्ट फिरवून पाहिलं. बाटली पिशवीत गेली.

रात्रभर रेल्वे, मग नागपूरहून एसटी. उमरेडच्या पुढे खिडकीची दांडी हाताला चटका देत होती. ब्रह्मपुरीला सासूबाईंच्या भाच्याकडे मुक्काम केला आणि शनिवारी जेवून सावलीच्या काळी-पिवळीत (माणशी भाड्याच्या जीपमध्ये) बसले. नऊ जणांच्या जागेत आम्ही चौदा. धानाचे बांध दोन्ही बाजूंना कोरडे पडलेले, मध्येच एखादी बोडी (छोटा तलाव), तळाशी हिरवट पाणी.

"कुठी उतरता, बाई?" चालकाने विचारलं. मी गावाचं नाव सांगितलं. (इथे ते लिहीत नाही, कारण पुढे कळेल.)

"वाघळाचं काम हाये काय? तेलवाल्या करीमभाऊकडं?"

"नाही, नाही. फिरवणाऱ्या करीमभाऊंकडे."

"हाव, तेच ते."

"एकच आहेत की दोन?"

"करीमभाऊ एकच हाये," मागून एक म्हातारी म्हणाली. "कामं दोन हायेत."

मी उतरले तेव्हा डोक्यात चांगलाच गोंधळ होता. वाघळं दाखवणारा आणि वाघळाचं तेल विकणारा माणूस एकच असेल, तर शनिवारी दाखवतो ती रविवारी कढईत टाकतो की काय? मुलींच्या सहलीचा विचार मी तिथेच, रस्त्यावर, जवळपास रद्द केला.

करीमभाऊ पिंजारी. अंगणात पिंजलेल्या कापसाचा ढीग होता आणि ते एका गादीला टाके घालत होते. साठीचा, सडपातळ माणूस. भुवयांवर कापूस. त्यांची बायको नूरबी हिने पाणी दिलं आणि भात, लाखोळीची डाळ, कैरीचा तक्कू पुढे ठेवला. जेवून आले म्हणून सांगितलं तर म्हणाली, "ते ब्रह्मपुरीचं जेवन झालं. इथलं कुठी झालं?" तक्कू इतका झणझणीत होता की मी दोनदा घेतला.

तेवढ्यात फटफटीवरून दुसरे पाहुणे आले. घुग्घुसच्या कोळसा खाणीत काम करणारे बंडूभाऊ, पन्नाशीचे, बोलायला मोकळे.

"मले कायले फिराचं?" ते बसता बसताच म्हणाले. "वाघळं तं माह्या क्वार्टरच्या मागं भी लटकतेत. मले तेल पाहिजे. बायकोले दमा हाये. रात्रभर उशीले टेकून बसून राह्यते बिचारी."

"पहिले फिराचं, मंग तेल," करीमभाऊ दोरा तोडत म्हणाले. "आपल्या इथला नियमच हाये. ज्याचं तेल नेता त्याचं तोंड तं पाहून घ्या." मग माझ्याकडे वळून त्यांनी सांगितलं, "चपला नाई, बूट घाला, बाई. अन् अंधारात माह्या मागंच राहा. त्या जांभळीखाली टोळी पडते."

माझा हात आपोआप पर्सवर गेला. निघताना घरच्यांनी गडचिरोली जवळ आहे म्हणून काय काय बजावलं होतं.

"रोज पडते?" मी विचारलं.

"या दिवसांत रोजच."

"पोलिसांना कळवलं आहे का?"

करीमभाऊ माझ्याकडे बघतच राहिले. नूरबीला आधी समजलं. ती हसता हसता खाली बसली, पदर डोक्यावरून घसरला. उठून आत गेली आणि माझ्या हातावर पाच-सहा तपकिरी, चकचकीत बिया ठेवल्या. टोळी म्हणजे मोहाच्या बिया. या भागात याच बियांचं तेल काढतात, खायला आणि दिव्यालाही.

"पोलिसाले भी द्या दोन," बंडूभाऊ म्हणाले.

साडेपाचला निघालो. ऊन अजून होतं. गावामागची बोडी, तिच्या पाळीवर तीन मोठे अर्जुनवृक्ष. दुरून मला फांद्यांना टायरच्या ट्यूबचे तुकडे बांधल्यासारखे दिसले, पंक्चरच्या दुकानाबाहेर असतात तसे. जवळ गेल्यावर तुकडे हलायला लागले. कोणी एका पंखाने स्वतःला वारा घालत होतं, कोणी शेजाऱ्याला ढकलत होतं. तोंड कुत्र्यासारखं, लालसर केसांची मान. वर्गात फळ्यावर मी वीस वर्षं वटवाघूळ काढते. त्यातलं एकही या झाडावर नव्हतं.

"इथून पुढं हळू बोलाचं," करीमभाऊ म्हणाले. "पलीकडच्या गावच्या बोडीवर याच्या दुप्पट होते. एका दिवशी कोणीतरी बंदूक चालवली. दुसऱ्या दिवशी झाड रिकामं. अजून आले नाईत. हे गेले तं मी लोकाइले काय दाखवू, कापूस?"

सूर्य खाली गेला. मी मोजायची वही काढली आणि पहिली भरारी टिपली.

"ते कावळे हायेत, बाई," करीमभाऊ हळूच म्हणाले.

मी खोडलं. खरी वाघळं निघाली ती आणखी वीस मिनिटांनी. आधी एक, मग पाच, मग झाडच सुटायला लागलं. मी एकशे चाळीसपर्यंत मोजली आणि लक्षात आलं की काही घिरट्या घालून परत त्याच फांदीवर येत आहेत, म्हणजे मी तीच तीच मोजतेय. वही बंद केली. इतका मोठा जीव डोक्यावरून जातो आणि आवाज मात्र ओली साडी एकदा झटकावी तेवढाच.

ती मोहाच्या झाडांकडे वळली, तसे आम्हीही वळलो. पण करीमभाऊंनी मोहाखाली थांबू दिलं नाही. पन्नास पावलं पुढच्या दाट जांभळीखाली नेलं.

"हे त्याइचं हाटेल. तिथून फळ तोडतेत, इथी बसून खातेत."

वर अंधारात कचाकच चावण्याचा आवाज. माझ्या केसांत काहीतरी ओलं पडलं. काढून पाहिलं तर टोळी, वरचा गर स्वच्छ खाल्लेला. खाली जमिनीवर तशाच शेकडो बिया पडल्या होत्या. बोटांना वास लागला, जड, थोडा कडसर. तो साबणाने गेला नाही.

परत आलो तेव्हा नूरबीने कंदील लावून कॅन बाहेर काढून ठेवला होता. ती बंडूभाऊंची बाटली भरत होती. बंडूभाऊंनी बोट बुडवलं, नाकाशी नेलं आणि त्यांचा चेहरा बदलला.

"करीमभाऊ, याले तं मोहाचा वास येते. टोळी-गिळी मिसळवली काय?"

करीमभाऊंनी कंदिलाची वात खाली केली.

"पैशाचं नाई मनत मी. बायकोच्या जीवाचं हाये. मले असली पाहिजे. पुढच्या शनिवारी माह्या साळ्याले आणतो, त्याच्यापाशी छर्ऱ्याची बंदूक हाये. तो पाडन, तू माह्यासमोर कढव."

नूरबीचा हात कॅनवर तसाच थांबला. करीमभाऊंनी बोडीच्या दिशेला पाहिलं. अंधारात तिकडे दिसण्यासारखं काहीच नव्हतं.

"मॅडम, तुमी सायन्सवाल्या," बंडूभाऊंनी बाटली माझ्या नाकाखाली धरली. "तुमीच सांगा. हे वाघळाचं हाये का नाई?"

वास तोच होता, माझ्या बोटांवरचा. कॅनमध्ये टोळीचं तेल होतं, हे मला कळलं. खरं बोलले असते तर पुढच्या शनिवारी झाड रिकामं झालं असतं. खोटं बोलायची मला सवय नाही, जमतही नाही, कान लाल होतात. मी केसांना हात लावला. तिथे अजून ओलं होतं.

"वाघळांचंच आहे," मी म्हणाले. "आत्ताच स्वतः पाहून आले."

"पक्कं?"

"पक्कं. पण ऐका. हे नुसतं छातीला चोळायचं, पोटात द्यायचं नाही. आणि याने दमा जाणार नाही. सोमवारी बायकोला दवाखान्यात न्या. ओढायचं औषध मिळतं आता, रात्रीचं बसून राहणं कमी होईल."

"दोनी करू?"

"दवाखाना आधी."

"हाव जी," ते वर्गातल्या मुलासारखं म्हणाले. साळ्याचा विषय पुन्हा निघाला नाही. त्यांनी बाटली शर्टाच्या आत ठेवली आणि गेले. फटफटीचा आवाज लांब गेला.

"मी खोटं बोलले का?" मी विचारलं.

करीमभाऊ खाटेवर बसले. त्यांचे वडील खरोखरच जाळं लावून वाघळं धरायचे, चरबी कढवायचे. यांनीही केलं. पलीकडची बोडी ओस पडली तेव्हा सोडलं. लोक मात्र बाटल्या घेऊन येतच राहिले. "नाई मनलं तं ते घरी थोडीच जातेत? बंदूकवाल्याकडं जातेत. म्हनून मी नाई मनत नाई." मग म्हणाले, "अन् खोटं कुठी हाये, बाई? वाघळानं तोडलं, वाघळानं सोललं, वाघळानं टाकलं. हिनं वेचलं, मी घाण्यातून काढलं. मंग तेल कोणाचं?"

मी बराच वेळ विचार केला. अजूनही करते.

"तुमची बाटली काढा," नूरबी म्हणाली.

"मी कुठे मागितलं?"

"ब्रह्मपुरीवरून आलेल्या बाईच्या पिशवीत बाटली नाई, असं अजून झालं नाई."

मी काढली. ती काठोकाठ भरली गेली. हे सगळं मी मासिकात लिहिलं तर चालेल का, असं निघताना विचारलं. "गावाचं नाव सोडून लिहा," करीमभाऊ म्हणाले. "वाघूळ मारनारे मासिकं वाचत नाईत, पन वाचनारा त्याइले सांगन."

सोमवारी दुपारी नाशिकला पोचले. झाकण चांगलं होतं, थेंबही सांडला नव्हता. मनाशी ठरवलं होतं की सासूबाईंना सगळं खरं सांगायचं. त्यांनी बाटली उघडली, वास घेतला आणि डोळे मिटले.

"हेच," त्या म्हणाल्या. "माह्या बापाच्या घरी हेच होतं."

"आई, हा वास मोहाच्या टोळीचा आहे."

"मंग? वाघळाच्या तेलाले टोळीचाच वास येते."

म्हणजे साठ वर्षांपूर्वीही कोणी पिंजारी हेच करत होता? पण करीमभाऊंचे वडील तर जाळं लावायचे. की मोहाची फळं खाऊन खाऊन वाघळाच्या चरबीलाच तो वास लागतो? असं होत असेल का? कोणाला विचारणार? मुलींची सहल डिसेंबरात न्यायची ठरवली, एवढा एकच निर्णय मला त्या दिवशी करता आला. डिसेंबरात मोहाला फळ नसतं, म्हणजे त्या जांभळीखाली काही दिसायचं नाही, हे नंतर लक्षात आलं. वहीतला डिसेंबर खोडला, जून लिहिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सासूबाईंनी बजावलं की बाटलीवर नाव लिही, नाही तर कोणी फोडणीला घेईल. मी वहीच्या मागचा कागद कापला, डिंक घेतला आणि पेन उघडून बसले. आकृतीला नाव चुकीचं दिलं तर अर्धा गुण कापते मी. 'वाघळाचे' लिहायला गेले, थांबले. 'मोहाचे' लिहायला गेले, थांबले. चहा निवला. मग 'गुडघ्यांचे तेल' असं लिहिलं, चिकटवलं, आणि त्यांचा डावा पाय मांडीवर घेऊन चोळायला बसले.